फ्रीजमधलं मोरा बंदर

सर गेले तेव्हा पनवेलच्या एका साप्ताहिकाने 'ज्येष्ठ चित्रपटप्रेमींचे निधन' अशी बातमी छापली. ती वाचून सर आणखी एकदा गेले असते. त्यांना विद्वान म्हटलेलं चालायचं, विक्षिप्त म्हटलेलंही चालायचं, पण कोणी चित्रपटप्रेमी म्हटलं की ते समोरच्याला मध्येच थांबवून विचारायचे, "डॉक्टरला तुम्ही रोगप्रेमी म्हणता का?"

कॉलेजात ते भूगोल शिकवायचे आणि मी अर्थशास्त्र. स्टाफरूममध्ये आमच्या खुर्च्या शेजारी होत्या, राहायलाही आम्ही दोघे खांदा कॉलनीत, एकाच सोसायटीत. त्यामुळे सर मला कामाच्या वेळी आणि सुटीच्या दिवशी सारखेच लाभले. पगार भूगोलाचा, पण डोकं सगळं सुरुवातीच्या काळातल्या सिनेमात. तेव्हा पडद्यावर माणसं नुसती हलली तरी लोक तिकीट काढत. "त्यानंतर कथा आली," सर म्हणायचे, "आणि बघणं बंद झालं."

त्यांच्याबरोबर सिनेमाला जाणं ही एक शिक्षा होती. मी एकदाच भोगली. नवीन मल्टिप्लेक्समध्ये सगळ्यात पुढच्या रांगेत बसून सर पडद्याच्या डाव्या कोपऱ्याकडे बघत होते. नायिका मधोमध मरत होती. मी हळहळलो, तर सर म्हणाले, "तो मागचा माणूस बघितलात? त्याला कॅमेरा कुठे आहे ते कळलंय. पोट आत घेतलं त्याने." मध्यंतरात त्यांनी मला तत्त्वज्ञान सांगितलं. चौकटीच्या मधोमध जे असतं ते कोणीतरी ठेवलेलं असतं. कडेला जे असतं ते चुकून आलेलं असतं. ठेवलेलं खोटं असू शकतं. चुकून आलेलं खोटं बोलायला शिकलेलं नसतं.

हे तत्त्व ते लग्नाच्या व्हिडिओंनाही लावायचे. आपटा गावापासून उरणपर्यंत कोणाच्याही लग्नाची जुनी कॅसेट ते मागून आणत. लोकांना वाटायचं, सरांना आपल्या घराविषयी किती जिव्हाळा. सर नवरा-नवरीचं तोंडही बघत नसत. मांडवामागे दिसणारी मिठागरं, आता तिथे इमारती आहेत, ती कोणत्या साली कुठवर होती हे त्यांनी अशा लग्नांतून काढलं. एका घरी कॅसेट परत देताना ते यजमानांना म्हणाले, "फार महत्त्वाचं लग्न आहे." नवऱ्या मुलाचा तोपर्यंत घटस्फोट झाला होता.

एका गोष्टीवर मात्र त्यांचा खरोखर तोल जायचा. पडद्यावर आगगाडी अंगावर येताना पाहून पहिले प्रेक्षक किंचाळत पळाले, ही गोष्ट कोणी सांगितली की संपलं. "कोण पळालं? नावं सांगा. एकाचं तरी सांगा!" त्यांचं म्हणणं, ही गोष्ट मागाहून आलेल्या शहाण्यांनी रचली, आपले आजोबा बावळट होते असं म्हणता यावं म्हणून. लोक पैसे देऊन आत बसले होते, चित्र आहे हे त्यांना पक्कं माहीत होतं. "जत्रेत पाळण्यात बसून बायका किंचाळतात. त्यांना काय पाळणा तुटला असं वाटतं? घाबरायलाच तर बसलेल्या असतात. तो आनंद आहे हो!"

आमच्या कॉलेजात एकदा चर्चासत्र झालं. मोठ्या शहरातले एक अभ्यासक आले होते. ते तासभर नजरेचं राजकारण, देहाचा अवकाश आणि अवकाशाचा देह यांवर बोलले. प्राचार्यांनी प्रत्येक वाक्याला मान डोलावली. न कळलेल्या वाक्याला दोनदा. शेवटी 'कुणाला काही विचारायचंय?' असं म्हटल्यावर सर उठले.

"आपण बघितलात का?"

"कोणता चित्रपट म्हणता आपण?"

"कोणताही."

पुढच्या चर्चासत्राला सरांना परीक्षेच्या पर्यवेक्षणाचं काम लावण्यात आलं. परीक्षा कसली होती ते आम्हाला कोणालाच शेवटपर्यंत कळलं नाही.

आगगाडीनंतर त्यांचा दुसरा शत्रू म्हणजे 'पहिला' हा शब्द. चित्रपटाचा इतिहास लिहिणाऱ्या निम्म्या लोकांचं आयुष्य या शब्दापायी फुकट गेलं, असं त्यांचं ठाम मत होतं. पहिला चित्रपट, पहिली नटी, पहिला खेळ. "पहिला म्हणजे काय? ज्याचा कागद सापडला तो पहिला. ज्याचा कागद वाळवीने खाल्ला तो दुसरासुद्धा नाही." पनवेलच्या बाजारात कुठल्याशा दुकानावर 'शहरातील पहिले शुद्ध शाकाहारी' अशी पाटी दिसली की सर आत जाऊन गल्ल्यावरच्या माणसाला विचारायचे, "पुरावा?" तो बिचारा लायसन्स काढून दाखवायचा.

अशा माणसाच्या घरी ती फिल्म आली.

आपट्याला नदीच्या अंगाला एक जुनं घर पाडत होते. त्या घरातले एक आजोबा तरुणपणी जत्रांमधून तंबूतला सिनेमा घेऊन फिरत. सर पोचले तोवर एकच डबा उरला होता. "बाकीचं होलीत टाकलं," घरच्यांनी कौतुकाने सांगितलं. "काय पेटलं म्हनून सांगू सर!" पेटणारच. त्या काळची फिल्म ज्या पदार्थाची करत, तो एकदा पेटला की पाण्यानेही विझत नाही. सर त्या होळीच्या जागेवर बराच वेळ उभे राहिले होते म्हणे. मग उरलेला डबा मांडीवर घेऊन ते एसटीने घरी आले. त्यात काय आहे हे त्यांनी कंडक्टरला सांगितलं नाही, हे बरंच झालं.

फिल्म एवढी जुनी आणि आक्रसलेली होती की यंत्रावर चढवली असती तर तुकडे झाले असते. त्यामुळे सरांनी ती कधी चालवली नाही. खालून दिवा लावलेल्या काचेवर ठेवून ते भिंगातून एकेक चित्र बघायचे. होडी धक्क्याला लागते, डोक्यावर टोपल्या घेतलेल्या बायका उतरतात, एक बाई कॅमेऱ्याकडे बघून हसते आणि निघून जाते. एवढंच. चालवली असती तर मिनिटभरात संपली असती. सरांना ती बरीच वर्षं पुरली.

पहिली दोन वर्षं तर त्यांनी ती उलटी बघितली. उलटी म्हणजे डोकी खाली नव्हे. आरशातल्यासारखी, डावं ते उजवं. फिल्मला एक चकचकीत बाजू असते आणि एक मंद. कोणत्या बाजूने बघायचं ते चुकलं की जग फिरतं. त्या बायकांचे पदर उजव्या खांद्यावरून पुढे आलेले दिसत, म्हणून सरांनी नोंद केली: गुजरातचा किनारा. तसा एक लेखही लिहिला, सुदैवाने तो कोणी छापला नाही. मग एक दिवस काच पुसताना फिल्म पालथी पडली. पदर डाव्या खांद्यांवर गेले, मागची टेकडी धक्क्याच्या दुसऱ्या अंगाला आली आणि भूगोलाच्या मास्तरला ती टेकडी ओळखू आली. उरणचं मोरा बंदर! सर अनवाणी माझ्या दारात आले. "अहो, बायका आपल्या आहेत!" ते ओरडले. समोरच्या फ्लॅटचं दार किलकिलं झालं आणि बंद झालं.

अशी फिल्म गारव्यात ठेवावी लागते, नाहीतर ती आधी चिकट होते, मग तिची तपकिरी भुकटी होते. पनवेलच्या दमट हवेत हे काम लवकर होतं. म्हणून सरांनी तिला फ्रीजमध्ये ठेवलं. खालचे दोन कप्पे फिल्मचे, दारातली जागा वहिनींची. मी एकदा विचारलं, "वहिनी, भाजी कुठे ठेवता?"

"पोटात," वहिनी म्हणाल्या. "भाऊजी, आमच्याकडे उरवायचं नसतं. मोरा बंदराला वास लागतो."

खरं तर वास उलट्या दिशेने लागायचा. त्यांच्याकडच्या दह्याला इतिहासाची चव होती.

पण वीज जायची. गेली की सर घामाघूम होऊन फ्रीजला पाठ लावून बसायचे, कोणी दार उघडू नये म्हणून. एका उन्हाळ्यानंतर फिल्मच्या शेवटच्या हातभर तुकड्यावर चिकटपणा दिसला. हसणाऱ्या बाईच्या अलीकडेच तो थांबला होता. सरांनी मोठ्या शहरातल्या एका संग्रहालयाला लिहिलं. उत्तर आलं: निर्मात्याचे नाव आणि निर्मितीचे साल कळवावे, म्हणजे विचार करता येईल. "ते माहीत असतं तर तुमच्याकडे कशाला आलो असतो," असं सरांनी परत लिहिलं. त्याला उत्तर आलं नाही.

त्यातच सोसायटीच्या सेक्रेटरींना कुठूनतरी सुगावा लागला. ते वर आले.

"सर, तुमच्या फ्रीजमध्ये ज्वालाग्राही काहीतरी आहे म्हणे. फुटेल का?"

सरांना खोटं बोलता येत नव्हतं. "फुटणार नाही. पेटेल."

महिन्याभरात वस्तू हलवा, असा ठराव झाला. मीही त्या बाजूने हात वर केला. माझा फ्लॅट बरोबर खाली होता. सर रागावले नाहीत. "तुमच्या जागी मी असतो तर केव्हाच हात वर केला असता," म्हणाले. पण फिल्म न्यायची कुठे? गार, कोरडी आणि लोकांपासून दूर अशी जागा पनवेलमध्ये कोणाकडे असणार?

अशी जागा एका शेठकडे होती. शेठ मूळचे उरणकडच्या मिठागराच्या घरातले. जमिनी गेल्या, पैसे आले, आता टॉवर बांधत होते. एका पुऱ्या झालेल्या टॉवरच्या आवाराबाहेर त्यांचं जुनं विक्री कार्यालय रिकामं पडलं होतं. सुटी एकमजली खोली, भक्कम भिंती, दोन एसी, जनरेटर. आमच्या एका विद्यार्थ्याने ओळख काढली आणि सर मला घेऊन गेले. शेठनी मोबाइलवर त्या बायकांची चित्रं बघितली, बोटांनी मोठी करून बघितली.

"ही आमची मान्सं?"

"मोऱ्याला उतरणारी. म्हणजे तुमच्याकडचीच."

"खोली तुमची, सर. एसी कायम चालू. भाडं नाय, काय नाय. फकस्त येक शबुद द्या. बाहेर पाटी लावनार. 'कोकण किनाऱ्याचे पहिले चलच्चित्र येथे जतन केले आहे.'"

मी सरांकडे बघितलं. आता भूकंप होणार म्हणून मी चहाचा कप जरा मागे घेतला.

"पहिलं नाही म्हणता येणार," सर म्हणाले. "सापडलेल्यांपैकी जुनं, असं लिहू."

"सापडलेल्या? सर, ते हरवलेल्या वस्तूंची चौकी वाटंल."

"'बहुधा जुनं.'"

"बहुधा? मी फ्लॅट विकताना बहुधा बोललो तर येक तरी जाईल काय? पाहुने यायचे हायत. त्यांना काय सांगू, दुसऱ्या नंबरचं बघायला या?"

बाहेर काँक्रीटचा मिक्सर फिरत होता. मला वाटलं, उठतील. तेवढ्यात त्यांनी विचारलं, "एसी नक्की कायम चालू?"

"आईची शप्पत."

"लिहा मग," सर म्हणाले.

परतीच्या रिक्षात मी खरोखर दुखावलो होतो. आयुष्यभर एका शब्दाशी वैर करायचं आणि एसीसाठी तो देऊन टाकायचा! तसं मी बोलूनही दाखवलं. सर म्हणाले, "पाटीवरचं खोटं केव्हाही पुसता येतं. ती बाई एकदा विरघळली की परत कोणाकडे बघून हसणार?"

रिक्षाचं भाडं मी दिलं.

उद्घाटन थाटात झालं. ताशा होता, मंडप होता, सरांचा उल्लेख 'रुपेरी दुनियेचे सम्राट' असा करणारी निवेदिका होती. पुढच्या रांगेत शेठची आई नऊवारीत बसली होती. फिल्मचा डबा सकाळीच एसीत जाऊन विसावला होता, त्यामुळे सर निवांत होते, हारही घालून घेतला. प्रमुख पाहुणे आले. त्यांनी दोरी ओढली. भिंतभर लावलेल्या चित्रावरचा पडदा बाजूला झाला. होडी, धक्का, बायका, सगळं माणसाच्या उंचीएवढं. वर पाटी. टाळ्या.

"थांबा!" सर उभे राहिले. "चित्र उलटं आहे."

टाळ्या थांबल्या. सगळ्यांनी माना वाकड्या करून बघितलं. शेठ खालच्या आवाजात म्हणाले, "सर, डोकी वरती हायत ना? मंग उलटं कसं?"

छापणाऱ्याने फिल्मचा फोटो चकचकीत बाजूने घेतला होता. सरांनी दोन वर्षं केलेली चूक त्याने एका दिवसात केली होती. आता ती भिंतभर होती. शेठचा पुतण्या माझ्या कानाशी आला, "काका, सरांना बसवा. पाहुण्यांना पुढं लग्नाला जायचंय." शेठचं बिनसलं तर डबा कुठे जाणार ते मला दिसत होतं. संध्याकाळपर्यंत तो पुन्हा फ्रीजमध्ये, आणि फ्रीज ठरावानुसार रस्त्यावर. मी सरांचा सदरा ओढला. त्यांनी तो सोडवून घेतला.

"शब्द मी दिला होता, शेठ. चित्र नव्हतं दिलं. तुमच्या आईकडे बघा. पदर कोणत्या खांद्यावर आहे?"

मंडपातल्या सगळ्या बायकांचे हात आपोआप आपापल्या डाव्या खांद्याला गेले. शेठच्या आईला कमी ऐकू यायचं. ती मोठ्याने म्हणाली, "काय झाला रं? पदराला काय लागला काय माझ्या?"

शेठनी आईकडे बघितलं, मग भिंतीकडे. भिंतीवरच्या बायकांचे पदर उजवीकडून आले होते.

"म्हंजे या आमच्या नाय?"

"अशा लावल्या तर नाहीत. ती मागची टेकडीही मोऱ्याची उरत नाही. परक्या गावचं बंदर झालं हे."

पाहुणे घड्याळाकडे बघत होते. पुतण्या हातवारे करत होता. शेठ वळून ओरडले, "पडदा वडा रे! वडा पडदा! आमच्या बाया परक्या करून लावल्यात!"

पडदा परत ओढला गेला. पाहुण्यांचं भाषण लिहून आणलेलं होतं, त्यात बदल करणं शक्य नव्हतं. त्या बंद पडद्यासमोर उभं राहून ते म्हणाले, "हे ऐतिहासिक चित्र डोळे भरून पाहताना माझा ऊर भरून येतो आहे." टाळ्या झाल्या. सर सर्वांत जोरात वाजवत होते.

आठवड्याने चित्र नव्याने छापून आलं, सरळ. शेठ स्वतः सरांना आणि मला दाखवायला घेऊन गेले. आईलाही आणलं होतं. ती बायकांकडे बघत राहिली, एकीला उगाच ओळखल्यासारखं करून मान हलवली. मग शेठ म्हणाले, "सर, कारागीर आलाच हाय. तुमी त्या दिशी बरोबर बोल्लेव. तो पयला शबुद पन काढून टाकू काय?"

मला वाटलं, हा सरांच्या आयुष्यातला सुवर्णक्षण. सरांनी पाटीकडे बघितलं, चष्मा पुसला आणि म्हणाले, "राहू द्या."

"सर!" मी म्हणालो.

"अहो, 'सापडलेल्यांपैकी जुनं' असं लिहिलं तर कोणी ढुंकून बघणार नाही. 'पहिलं' लिहिलं की कुठेतरी कोणाचं तरी डोकं तापेल. तो घरातले माळे उपसेल, मला खोटं पाडायला. मला फिल्म हव्यात. माझं खरं ठरून काय करायचंय?"

पुढे बराच काळ त्या खोलीत मुख्यतः एसीसाठी लोक यायचे. सर रोज दुपारी तिथे बसायचे. मीही सोबतीला जायचो. अर्थशास्त्र सांगतं की फुकट गारवा सोडू नये. अशाच एका दुपारी एक तिशीतली बाई दारात उभी राहिली, खांद्याला बॅग, कपाळाला आठ्या.

"ही पाटी कोणी लावली?"

"मी," सर म्हणाले.

"पहिलं? कशावरून? पुरावा?"

सर खुर्चीतून असे उठले की मी त्यांना धरायला पुढे झालो. "बसा," ते म्हणाले, "बसा ना. तुमच्याकडे आहे?"

तिने लॅपटॉप उघडला. तिच्या आईच्या माहेरी एक रीळ निघालं होतं. पडद्यावर त्या रिळाचे फोटो: समुद्र, एक गलबत, काठावर गर्दी. सरांनी त्यातलं काहीच बघितलं नाही. ते नाक पडद्याला लावून फिल्मच्या काठाची भोकं बघत होते. त्यांच्या फिल्मची भोकं चौकोनी होती. हिची गोल, सिनेमाच्या अगदी सुरुवातीच्या वर्षांत पाडत तशी.

"ही जुनी," ते म्हणाले. "माझ्यापेक्षा जुनी." मग माझ्याकडे वळून, नात झाल्याची बातमी सांगावी तशा आवाजात, "शेठना फोन लावा! सांगा, पाटी खोटी पडली!"

मी लावला. स्पीकरवर शेठनी सगळं ऐकून घेतलं.

"मंग त्या बाईंचा डबा पन आपल्याकडंच ठेवा की," शेठ म्हणाले. "पाटी खरी व्हईल. आनि सर, दुसरा एसी पन चालू करा."

सरांनी वाद न घालता उठून दुसरा एसी चालू केला, असं मी पहिल्यांदाच पाहत होतो. (सरांनी पुरावा मागितला असता. तो मीच आहे.) मग ते त्या बाईकडे वळले.

"तुमचं रीळ सध्या कुठे असतं?"

"कपाटात. आईच्या साड्यांखाली."

सरांनी डोळे मिटून घेतले. "आत्ता घेऊन या."

"अहो सर, मी मालवणहून आलेय. आत्ताच पोचले. निदान चहा तरी..."

"मग लगेच निघा," सर म्हणाले. "चहा परत आल्यावर."